कथेतल्या जादुई शेवाळाला मर्यादा कशी घातली

माझ्या कल्पित राज्यातले शेवाळ कोणतीही जखम क्षणात भरून काढत असल्यामुळे कथेतल्या युद्धाला काही अर्थच उरत नव्हता. त्यावरचा उपाय मला खानापूर तालुक्यात, मलप्रभेच्या उगमाशी असलेल्या कणकुंबीत, जांभ्या दगडाच्या एका गडग्यावर सापडला. शेवाळाला खरी मुळे नसतात. ते पानांवाटेच पाणी शोषते, उन्हाळ्यात वाळून तपकिरी पडते आणि पावसाचे थेंब लागताच पुन्हा हिरवे होते. (पहिल्या महायुद्धात एका प्रकारचे वाळवलेले शेवाळ सैनिकांच्या जखमांवर बांधत असत, ही गोष्ट मला विशेष मोलाची वाटते.) म्हणून आता माझ्या शेवाळाची जादू केवळ ओलाव्यात जागते आणि दोन्ही सेनापतींना स्वारीचा मुहूर्त मृगाकडे पाहून ठरवावा लागतो.