मशीन नसताना मुलांसोबत घरी आइस्क्रीम कसं करायचं

आइस्क्रीमचं मशीन दोनच कामं करतं, मिश्रण गार करतं आणि ते गार होत असताना सारखं ढवळत राहतं. यातलं गार करायचं काम बर्फ किंवा फ्रीजर करतो, ढवळायचं काम मुलं करतात, आणि हलवणं, घुसळणं, धपाधप आपटणं हेच तर त्यांना हवं असतं. म्हणून मशीन नाही म्हणून अडून बसू नका, मुलं लहान असतील तर उलट मशीन नसलेलंच बरं, कारण मशीन असलं की त्यांनी फक्त बघत उभं राहायचं.

ढवळायचं कशासाठी ते आधी सांगते, ते कळलं की पुढचं सगळं आपोआप कळतं. दूध तसंच फ्रीजरमध्ये ठेवलं तर त्यातल्या पाण्याचे स्फटिक निवांत वाढत बसतात आणि मोठे होतात, मग चमचा मारला की खट् आवाज येतो आणि खाताना जिभेला खरखर लागते. साधारण ५० मायक्रॉनपेक्षा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) मोठे स्फटिक झाले की जिभेला ते जाणवायला लागतात. सतत हलवत राहिलं की स्फटिक बारीकच राहतात, शिवाय थोडी हवा आत जाते आणि आइस्क्रीम हलकं होतं. साखर आणि क्रीममधला स्निग्धांश पण हेच काम करतात, मिश्रण पूर्ण दगड होऊ देत नाहीत. त्यामुळे "हेल्दी करू" म्हणून पातळ दूध घ्यायचं आणि साखर निम्मी करायची असं केलं तर गोड बर्फ मिळेल, आइस्क्रीम नाही.

आता पद्धत कुठली निवडायची, तर माझ्या मते मुलांचा धीर किती आहे त्यावर ठरवा. चार ते आठ वर्षांच्या मुलांना दहा-पंधरा मिनिटांत काहीतरी हातात पडलं पाहिजे, त्यांना "उद्या सकाळी तयार होईल" सांगून काही उपयोग नाही. त्यांच्यासाठी पिशवीची पद्धत.

दोन झिपलॉक पिशव्या लागतात लहान आणि दोन मोठ्या (लहान डबल घ्यायची, का ते पुढे सांगते). लहान पिशवीत अर्धा कप क्रीम, अर्धा कप फुल क्रीम दूध, दीड ते दोन मोठे चमचे साखर आणि पाव छोटा चमचा व्हॅनिला इसेन्स. पिठीसाखर घेतली तर पटकन विरघळते, साधी घेतली तर आधी वाटीत नीट ढवळून विरघळवून घ्या नाहीतर तळाशी कचकच राहते. बंद करायच्या आधी मुलांना एक थेंब चाखू द्या आणि तेव्हा ते जरा जास्तच गोड लागायला हवं, कारण गार झाल्यावर जिभेला गोडी कमी लागते. आतली हवा दाबून काढा, पिशवी घट्ट बंद करा आणि ती दुसऱ्या लहान पिशवीत घालून तीही बंद करा. मिश्रण आधी तासभर फ्रिजमध्ये गार केलेलं असेल तर पुढचं काम निम्म्या वेळात होतं, हे शक्यतो चुकवू नका.

मोठ्या पिशवीत चार कप बर्फ आणि त्यावर अर्धा कप मीठ, जाडं मीठ असेल तर उत्तम पण बारीक पण चालतं. मीठ बघून कोणालाही वाटतं की एवढं कशाला, आणि हात आखडता घेतला जातो, तिथेच सगळं फसतं. अर्धा कप म्हणजे अर्धा कपच. आत लहान पिशवी ठेवायची, मोठी बंद करायची, ती दुसऱ्या मोठ्या पिशवीत घालायची, सगळं जाड टॉवेलमध्ये गुंडाळायचं आणि मग हलवायला सुरुवात.

टॉवेल सोडून हलवू देऊ नका, अगदी "मला नाही गार लागत" म्हणाले तरी. मीठ घातलेला बर्फ शून्याच्या खूप खाली जातो, नीट प्रमाण जमलं तर उणे १० अंशाच्याही खाली, आणि तेवढ्या गार पिशवीला उघडा हात लावून ठेवला तर कातडीला इजा होते. लोकरी किंवा जाड हातमोजे असतील तर तेही घाला. आणि मीठ-बर्फ हातात धरून बघायचा खेळ अजिबात नको.

आता दहा मिनिटं. पहिली दोन-तीन मिनिटं आत नुसतं पाण्यासारखं खळखळ वाजतं आणि मुलं विचारायला लागतात झालं का. साधारण पाचव्या मिनिटाला आवाज बदलतो, खळखळ जाऊन बर्फाच्या मध्ये काहीतरी जड वस्तू धप्प धप्प आपटल्यासारखं वाटतं. मोठ्या पिशवीवर बाहेरून पांढरं दव धरायला लागतं. तेव्हा थांबून टॉवेलमधूनच लहान पिशवी अंगठ्याने दाबून बघायची, ओल्या मातीसारखी लागली तर अजून तीन-चार मिनिटं, आणि अंगठ्याचा ठसा तसाच राहायला लागला की झालं. माझी धाकटी या क्षणी दर वेळी गप्प होते, दाबते, परत दाबते आणि मग ओरडते. मुलं दोन-तीन असतील तर एकेक मिनिट वाटून द्या, गाणं लावा, पिशवी एकमेकांकडे ढकला पण फेकू नका.

आणि आता उघडायचं कसं, हे मी रडारड झाल्यावर शिकले. पहिल्या वेळी आम्ही एकच लहान पिशवी वापरली होती, ती बाहेर काढली आणि तशीच उघडली, तोंडाजवळ चिकटलेलं मिठाचं पाणी सरळ आत गेलं. दहा मिनिटं मनापासून हलवलेलं आइस्क्रीम पहिल्याच चमच्याला खारट लागलं आणि तिचा चेहरा जो पडला तो मला अजून आठवतो. म्हणून डबल पिशवी, आणि बाहेर काढल्यावर लहान पिशवी नळाच्या गार पाण्याखाली पाच सेकंद धरायची, कोरडी पुसायची, बाहेरची काढून टाकायची, आतलीचं तोंड परत पुसायचं आणि मगच उघडायची. पाणी गरम नको, कडेचं लगेच वितळतं. पिशवीचा एक कोपरा कात्रीने कापून वाटीत पिळलं तर अजून सोपं, तोंडाकडचा भाग मध्येच येत नाही.

मीठ कशाला हा प्रश्न मुलं विचारतातच. त्याचं उत्तर तोंडाने देण्यापेक्षा दोन पिशव्या करून दाखवा, एका बर्फात मीठ घाला, दुसऱ्यात नाही, दोन्ही सारखा वेळ हलवा. बिनमिठाच्या पिशवीतलं दूध दहा मिनिटांनी मस्त गार होईल पण दूधच राहील. कारण साधा बर्फ वितळताना शून्य अंशालाच अडकून बसतो, आणि साखर घातलेलं दूध गोठायलाच मुळी शून्याच्या दोन-तीन अंश खाली जावं लागतं. मिठामुळे बर्फ शून्याच्या खाली असतानाही वितळत राहतो, आणि वितळायला लागणारी उष्णता तो शेजारून म्हणजे दुधातून ओढतो. ही उष्णता थोडीथोडकी नसते, १ ग्रॅम बर्फ नुसता वितळवायला जेवढी लागते तेवढ्यात तेच १ ग्रॅम पाणी ० वरून ८० अंशांपर्यंत तापतं. मीठ आणि बर्फ अगदी मोजून मिसळले (वजनाने साधारण २३ टक्के मीठ) तर उणे २१ अंशांपर्यंत जाता येतं, घरी पिशवीत एवढं होत नाही पण आपल्याला गरजही नसते.

मोठ्या मुलांना हे पण सांगा की ही युक्ती जुनी आहे. १८४३ मध्ये अमेरिकेत नॅन्सी जॉन्सन या बाईंनी हाताने फिरवायच्या आइस्क्रीम फ्रीझरचं पेटंट घेतलं, त्यातही बाहेरच्या भांड्यात बर्फ आणि मीठ, आतल्या डब्यात मिश्रण आणि वर दांडा. म्हणजे पिशवी हलवणारी मुलं त्या दांड्याचंच काम करतायत.

पिशवीचं आइस्क्रीम मऊ होतं आणि भराभर वितळतं, ते तिथेच खाऊन संपवायचं. डबाभर ठेवायचं असेल, पाहुणे यायचे असतील, तर क्रीम फेटून करायची पद्धत घ्या, मला स्वतःला चवीला हीच सगळ्यात आवडते. अर्धा लिटर व्हिपिंग क्रीम, एक ४०० ग्रॅमचा कंडेन्स्ड मिल्कचा डबा, एक छोटा चमचा व्हॅनिला, चिमूटभर मीठ, संपलं. क्रीममध्ये स्निग्धांश ३० टक्क्यांच्या वर असायला हवा, पाकिटावर बघून घ्या, कमी असेल तर कितीही फेटलं तरी फुलत नाही आणि मुलांचा हिरमोड होतो. भांडं आणि बीटरच्या काड्या पंधरा मिनिटं फ्रीजरमध्ये ठेवा, क्रीम फ्रिजमधून काढून लगेच घ्या. फेटताना आधी बुडबुडे, मग घट्ट दही, मग बीटर उचलला की टोक उभं राहून जरासं वाकतं, तिथे थांबायचं. पुढे गेलात तर क्रीम रवाळ होतं आणि मग लोणी सुटतं, ते परत मागे येत नाही. हाताच्या व्हिस्कने पण होतं, पण दंड भरून येतात, पाळीपाळीने करा.

कंडेन्स्ड मिल्क घालताना मुलांना एकच गोष्ट नीट शिकवायची, गरागरा ढवळायचं नाही. स्पॅच्युला कडेने खाली न्यायचा आणि तळातलं वर आणून अलगद पालटायचं, भांडं थोडं फिरवायचं, परत तेच. इथे फ्रीजरमध्ये कोणी ढवळणार नाहीये, त्यामुळे फेटताना आत गेलेली हवाच आइस्क्रीमला मऊ ठेवते, ती दाबून घालवली तर संपलं. पसरट डब्यात ओता, कागद किंवा फिल्म सरळ आइस्क्रीमला चिकटवून झाका म्हणजे वर बर्फ धरत नाही, आणि कमीत कमी सहा तास, शक्यतो रात्रभर. झोपायच्या आधी करा, वाट बघायचा प्रश्नच मिटतो.

क्रीम मिळालं नाही आणि नुसतं दूध आहे असं असेल तर आटवून गोड केलेलं दूध डब्यात गोठवून दर अर्ध्या तासाला काट्याने खरवडून फेटायचं, तीन-चार तास. होतं चांगलं, पण दुसऱ्या फेरीनंतर मुलं गायब होतात. त्यापेक्षा ते दूध बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा आणि ते क्यूब मिक्सरला थोडं दूध घालून फिरवा, स्फटिक मिक्सरच मोडतो.

अगदी छोटं मूल असेल तर केळं. ठिपके पडलेली तीन पिकलेली केळी सोलून त्यांचे काप मुलांकडून प्लास्टिकच्या सुरीने करून घ्या, ताटलीत सुटे पसरून फ्रीजरला टाका, रात्रभर राहिले तर छान. मग मिक्सर, आणि तो मोठ्या माणसानेच चालवायचा. आधी चुरा होतो, मग ओल्या वाळूसारखं दिसतं आणि वाटतं की बिघडलं, तिथे सोडू नका, कडा खाली ढकलून परत फिरवा, एकदम मऊ लोण्यासारखं होतं. साखर नको, क्रीम नको. कोको पावडरचा एक चमचा घातला तर चॉकलेट झालं.

फळं घालायची असतील तर कच्चे तुकडे तसेच टाकू नका, त्यांच्यातलं पाणी गोठून बर्फाचे खडे लागतात. साखर घालून शिजवून आटवा, पूर्ण गार करा, मग घाला. चॉकलेटचे तुकडे, बिस्किटाचा चुरा शेवटी. चार-पाच वर्षांच्या आतल्या मुलांना अख्खा सुकामेवा नको, घशात अडकतो, पूड करून घाला, आणि दुसऱ्यांची मुलं असतील तर दूध-दाण्यांची ॲलर्जी आधी विचारून घ्या. मध वापरणार असाल तर एक वर्षाच्या आतल्या बाळाला ते आइस्क्रीम चाटवू नका. कच्च्या अंड्याच्या रेसिपी पण मुलांसाठी मी करत नाही, वरच्या सगळ्या पद्धतींत अंडं लागतच नाही.

डब्यातलं आइस्क्रीम खायच्या पाच-दहा मिनिटं आधी बाहेर काढून ठेवा, घरच्या आइस्क्रीममध्ये बाजारच्यासारखे स्टॅबिलायझर (स्फटिक मोठे होऊ न देणारे पदार्थ) नसतात म्हणून ते जास्त घट्ट बसतं. दोन आठवड्यांत संपवा. पूर्ण वितळलेलं परत गोठवू नका, स्फटिक मोठे होतातच आणि तोवर जंतू वाढलेले असू शकतात, त्यापेक्षा लगेच मिल्कशेक करून टाका. आणि पिशवीतलं ते मिठाचं पाणी मुलं हौसेने कुंडीत ओतायला जातात, झाड जळतं त्याने, सिंकमध्येच ओता आणि वर भरपूर साधं पाणी सोडा.