काळाची गती बदलणारी काल्पनिक डोंगररांग कशी रचावी

डोंगरमाथ्यावरचे घड्याळ पायथ्याच्या घड्याळापेक्षा खरोखरच किंचित पुढे धावते. वस्तुमानाच्या जितके जवळ जावे तितका काळ संथ होतो, हे आइन्स्टाइनच्या सापेक्षता सिद्धान्ताने दाखवून दिलेले आहे. मात्र ८,८४९ मीटर उंच एव्हरेस्टच्या शिखरावरही समुद्रसपाटीच्या तुलनेत वर्षभरात सुमारे ३० मायक्रोसेकंदांचाच फरक पडतो. एवढ्याशा फरकावर कथा उभी राहत नाही, म्हणून लेखक तो वाढवतो. वाढवताना गुरुत्वाकर्षणाचे कारण पुढे करू नये, कारण चार-पाच किलोमीटरच्या चढात काळ दहापट व्हायचा असेल तर न्यूट्रॉन ताऱ्याच्या पृष्ठभागावरही नसेल इतके गुरुत्वाकर्षण लागेल आणि तेथे डोंगरच काय, दगडावर दगडही राहणार नाही. काळ का बदलतो हे न सांगितलेले वाचक मान्य करतो. तो किती बदलतो आणि कोठे बदलतो, हे मात्र लेखकाने पहिले वाक्य लिहिण्यापूर्वी ठरवलेले असावे आणि पुढे सोयीसाठी मोडू नये.

उदाहरणासाठी असे धरू की खोऱ्यातला काळ बाहेरच्या जगासारखाच आहे आणि माथ्यावर तो दहापट वेगाने चालतो. नकाशा काढून समोच्च रेषांच्या शेजारी प्रत्येक उंचीवरचा गुणक लिहावा. हा गुणक हळूहळू, कित्येक किलोमीटरच्या चढात वाढू द्यावा. एकाच रेषेवर काळ एकदम दहापट केला, तर ती रेषा ओलांडणाऱ्या माणसाचे डोके वरच्या काळात आणि हृदय खालच्या काळात राहील. मेंदूची दहा मिनिटे जातील तेव्हा हृदयाचे एकच मिनिट झालेले असेल आणि रक्ताअभावी तो माणूस तेथेच कोसळेल. कथेला अशी प्राणघातक रेषा हवी असेल तर ती जरूर ठेवावी, परंतु मग त्या रेषेवरून मेंढरे रोज चरायला नेता येणार नाहीत.

यानंतर पाण्याचा आणि उन्हाचा हिशेब मांडावा. माझ्या मते डोंगररांग खरी वाटते ती याच हिशेबामुळे, आणि बहुतेक लेखक नेमका तोच टाळतात. माथ्यावरून तिथल्या दर सेकंदाला एक घनमीटर पाणी वाहत असेल, तर खोऱ्यातल्या एका सेकंदात वर दहा सेकंद उलटलेले असतात. म्हणून खाली दर सेकंदाला दहा घनमीटर पाणी येते. वर सहज ओलांडता येणारा ओहोळ खाली फेसाळत कोसळणारी नदी होतो, जरी वाटेत त्याला एकही उपनदी मिळालेली नसली तरी. उन्हाचे याच्या उलट होते. सूर्य बाहेरच्या काळात असल्याने माथ्यावर एका सूर्योदयापासून दुसऱ्या सूर्योदयापर्यंत तिथले २४० तास जातात, दर तासाला मिळणारी उष्णता दशांशावर येते, भर दुपारचा उजेडही ढगाळ दिवसासारखा वाटतो आणि तीन महिन्यांचा हिवाळा तीस महिने चालतो. शिखरावरचा बर्फ का वितळत नाही, हे वेगळे समजावण्याची गरजच उरत नाही. माणसाच्या शरीराची लय सुमारे २४ तासांची असल्याने तिथले रहिवासी एका दिवसाच्या उजेडातच पाच वेळा झोपून उठतील. त्यांच्या घरांना खिडक्या किती असाव्यात, हेही मग आपोआप ठरते.

प्रकाशाच्या बाबतीत एक सवलत घ्यावी लागते. हार्वर्ड विद्यापीठातील पाउंड आणि रेबका यांनी सुमारे २२.५ मीटर उंचीच्या मनोऱ्यात गॅमा किरण सोडून, काळाच्या गतीतील फरकाबरोबर किरणांची वारंवारताही बदलते, हे १९६० साली दाखवले. हा नियम दहाच्या गुणकाला काटेकोरपणे लावला, तर सूर्याचा दृश्य प्रकाश अवरक्त होऊन माथा अंधारात बुडेल. तेव्हा रंग बदलत नाहीत असे एकदाच मान्य करून पुढे जावे किंवा गुणक अगदी लहान ठेवावा.

ध्वनीला मात्र अशी सवलत देऊ नये, इतके त्यातून मिळते. खोऱ्यात २०० हर्ट्झवर वाजणारे शिंग माथ्यावर २० हर्ट्झचे, म्हणजे कानापेक्षा छातीत अधिक जाणवणारे होते. वरची हाक खाली पाखरांच्या किलबिलीसारखी बारीक आणि भरभर ऐकू येते. काळ एकदम दहापट करणारी रेषा ठेवली असेल, तर रेषेखालच्या वटवाघळाचा ४०,००० हर्ट्झचा, एरवी माणसाला न ऐकू येणारा चीत्कार रेषेच्या वर अगदी जवळ उभ्या असलेल्या माणसाला ४,००० हर्ट्झवर स्पष्ट कळतो.

माणसांसाठी तीन रकान्यांची वही ठेवावी: खोऱ्यातली तारीख, पात्र असलेल्या जागेचा गुणक आणि पात्राचे स्वतःचे वय. समजा, बावीस वर्षांची थोरली बहीण माथ्यावर नांदायला गेली आणि खोऱ्यातल्या दोन वर्षांनी परत आली. तिचे वय आता बेचाळीस आहे, अठराची धाकटी वीस वर्षांची आहे, आणि थोरलीने सोबत आणलेला मुलगा एकोणीस वर्षांचा असून मावशीपेक्षा जेमतेम वर्षाने लहान आहे. ब्रह्मलोकातून परतलेल्या ककुद्मी राजाची आणि रेवतीची कथा आपल्याला परिचित आहे; तेथे सत्तावीस चतुर्युगे उलटल्याने ओळखीचे कोणीच उरलेले नसते. लहान गुणकात सगळे उरतात, फक्त नाती वयाशी जुळेनाशी होतात, आणि मला हे अधिक हृदयद्रावक वाटते. त्यामुळे गुणक हजारात नेण्याचा मोह आवरावा.

पत्रव्यवहार दाखवायचा असेल तर प्रत्येक पत्रावर दोन्हीकडच्या तारखा घालाव्यात आणि पत्र पोहोचवणाऱ्याचा प्रवासही वहीत नोंदवावा. थोरलीने वरच्या घड्याळाप्रमाणे रोज एक पत्र लिहिले, तर धाकटीच्या दारात दररोज दहा पत्रे येऊन पडतील. धाकटीने तिच्या परीने रोज न चुकता उत्तर पाठवले, तरी थोरलीला ते दहा दिवसांनी एकदाच मिळेल. धाकटी आळशी किंवा निष्ठुर वाटू नये यासाठी हा हिशेब थोरलीला माहीत आहे की नाही, हे त्या प्रसंगापूर्वीच ठरवून घ्यावे.