एमबीबीएसचा अभ्यास व्हिडिओवरून करताय? या चुका टाळा

कोल्हापूरच्या सीपीआर रुग्णालयात पोस्टिंग (वॉर्डातलं प्रशिक्षण) करणारी पोरं असोत की कसबा बावड्यातल्या मेडिकल कॉलेजमधली, संध्याकाळी खोलीवर गेली की बहुतेकांचा अभ्यास मोबाईलवरच सुरू होतो. यात वाईट काही नाही. पण व्हिडिओ बघून संपला म्हणजे टॉपिक झाला, असं धरून चालणं ही सगळ्यात महागात पडणारी चूक आहे.

ब्रॅकियल प्लेक्सस, म्हणजे हाताला जाणाऱ्या नसांचं जाळं, घ्या. मणक्यातून निघणारी सी ५ ते टी १ अशी पाच मुळं, त्यांचे तीन ट्रंक, सहा डिव्हिजन, तीन कॉर्ड. शिकवणाऱ्याचं पेन चालतं तोवर सगळं सोपं वाटतं. आता व्हिडिओ बंद करा आणि कोऱ्या कागदावर काढा. पोस्टीरियर कॉर्ड कशातून बनते, इथं हात अडतो ना? जिथं अडला तेवढंच परत बघा, पुन्हा काढा, आणि दोन दिवसांनी न बघता परत एकदा. व्हायव्हाला, म्हणजे तोंडी परीक्षेला, उपयोगी पडतं ते हे.

सगळंच व्हिडिओवर करू नका. जिथं काही हलतं, वळतं, तिथं व्हिडिओला तोड नाही. गर्भातली हृदयाची सरळ नळी कशी वळते, किंवा मिनिटाला ७५ ठोक्यांच्या गतीला ०.८ सेकंदाच्या कार्डियाक सायकलमध्ये (हृदयाच्या एका ठोक्याच्या चक्रात) कोणती झडप कधी मिटते, हे पुस्तकातल्या सुट्ट्या आकृत्यांवरून जुळवताना जीव मेटाकुटीला येतो. औषधांची वर्गीकरणं मात्र पुस्तकातूनच लवकर होतात. दुप्पट वेग उजळणीला ठीक, पहिल्यांदा बघताना नको.

व्हिडिओसाठी वॉर्ड बुडवणं तर अजिबात नको. मायट्रल स्टेनोसिसचा (हृदयाची मायट्रल झडप अरुंद होण्याचा) मर्मर, म्हणजे ठोक्यांमधला जादा आवाज, हेडफोनवर स्वच्छ ऐकू येतो. वॉर्डात पेशंटला डाव्या कुशीवर वळवायचं, स्टेथोस्कोपची बेल (वाटीसारखी बाजू) एपेक्सवर, म्हणजे हृदयाच्या टोकाच्या जागी, अलगद टेकवायची. जोरात दाबली की खालची कातडी ताणून स्टेथोस्कोपच्या डायफ्रामसारखी (सपाट पडद्यासारखी) होते आणि तो खालच्या पट्टीतला आवाज गायब. किती दाबायचं हे हातालाच कळावं लागतं. सकाळी केस बघा आणि त्याच रात्री त्याच आजाराचा व्हिडिओ लावा. डोक्यात पक्कं बसतं.

आणि व्हिडिओ कधीचा आहे ते बघा. अॅनाटॉमीचा जुना असला तरी चालतो. पण टीबीची औषधं आठवड्यातून तीनदा सांगणारा व्हिडिओ अजूनही सापडतो. सरकारी कार्यक्रमात २०१७ पासून रोजच्या डोसची पद्धत आली आहे. उपचारांचा भाग चालू आवृत्तीच्या पुस्तकाशी ताडूनच वहीत उतरवा.