आत्मकथनं चारचौघांत मोठ्याने वाचायची, तर अशी

आमच्या गावच्या सार्वजनिक ग्रंथालयात दर शनिवारी संध्याकाळी आम्ही दहा-बाराजण जमतो. एकजण वाचतो, बाकीचे ऐकतात. पुस्तकं बहुतेक दलितांची आणि भटक्या-विमुक्तांची आत्मकथनं. मी मराठीची निवृत्त शिक्षिका. खुर्च्या मांडण्यापासून पुढचं पुस्तक ठरवण्यापर्यंत सगळी हमाली माझ्याकडे. "आमच्याकडेही असं सुरू करायचंय, कसं करू?" असं विचारणारे फोन अधूनमधून येतात. प्रत्येकाला तेच सांगण्यापेक्षा एकदाच लिहून टाकते.

'बलुतं'ने सुरुवात करू नका. दया पवारांचं हे पुस्तक 1978 साली आलं, नाव सगळ्यांनी ऐकलेलं असतं, म्हणून पहिला हात त्यावरच जातो. पण अख्खं पुस्तक मोठ्याने वाचायचं म्हटलं की महिने लागतात, आणि नवा गट तेवढा टिकत नाही. पहिल्या दिवशी एका बैठकीत संपेल असं काहीतरी घ्या. मी मुक्ता साळवेचा निबंध घेते. पुण्यात फुल्यांच्या शाळेत शिकणाऱ्या या मांग मुलीने मांग-महारांच्या दुःखावर लिहिलं आणि ते 1855 साली 'ज्ञानोदय' या नियतकालिकात छापून आलं. वेद ब्राह्मणांचे, आम्ही ते पाहायचेसुद्धा नाहीत, मग आमचा धर्म तरी कोणता, असा तिचा रोखठोक सवाल आहे. इमारतींच्या पायात शेंदूर-तेल पाजून पुरलेल्या माणसांचा हिशेब ती मागते. वाचून झालं की कुणीतरी हमखास म्हणतं, "अठराशे पंचावन्न? नक्की?" तिथून चर्चेला कुणाला ढकलावं लागत नाही.

दुसऱ्या शनिवारी कुमुद पावडे. 'अंतःस्फोट' (1981) या पुस्तकातला त्यांच्या संस्कृत शिकण्याचा लेख तेवढा घ्या. नागपूरच्या या बाईंनी संस्कृतात एम.ए. केलं. नोकरी मिळाली ती मात्र आंतरजातीय लग्नानंतर, सोमकुवरच्या जागी पावडे हे आडनाव लागल्यावर. या लेखानंतर लगेच बोलायला लावू नका. आमच्याकडे चहा येतो, माणसं कपात बघत बसतात आणि मग आपणहून बोलतात. आडनावावरून घर नाकारलेलं, मुलाखतीत 'मूळ गाव कुठलं' हा प्रश्न तीन तऱ्हांनी विचारला गेलेला, असं बरंच काही बाहेर येतं.

आता वाचायचं कुणी आणि कसं. आळीपाळीने, सगळ्यांनी. 'ज्याचा आवाज चांगला तो' असं ठरवलंत की दोन माजी शिक्षक आणि एक हौशी नट मिळून सगळं वाचून टाकतील. आमच्या गटात एक निवृत्त एसटी कंडक्टर आहेत. अडखळत वाचतात, पण दोन वाक्यांच्या मध्ये किती थांबावं हे त्यांना माझ्यापेक्षा कळतं. बोलीभाषा आली की ती आहे तशी वाचायची. 'जिणं आमुचं'मध्ये बेबी कांबळे फलटण भागातलं बोलतात, 'आयदान'मध्ये उर्मिला पवार रत्नागिरीकडचं. आपल्या शाळकरी सवयीने जीभ आपोआप 'शुद्ध' करत जाते, ती दाबून धरायची. शिव्याही गाळायच्या नाहीत. लहान मुलं बसणार असतील तर त्या दिवशी दुसरा उतारा घ्या, पण छापलेलं वाक्य कापू नका. एकदा कापायला लागलात की आज शिवी, उद्या मेलेल्या जनावराचं मांस, परवा पाटलाचं नाव, असं करत पानावर काही उरत नाही.

आता माझी खरी युक्ती. या पुस्तकांवर बोलताना नव्वद टक्के माणसं 'किती सोसलं हो' इथे येऊन थांबतात. डोळे पुसतात, घरी जातात. ही हळहळ मला फार स्वस्त वाटते. म्हणून मी एक फळा ठेवते आणि मधोमध उभी रेघ मारते. डावीकडे 'काय केलं', उजवीकडे 'काय मिळालं'. उतारा वाचून झाला की फक्त एवढंच भरायचं.

'बलुतं'मधली महारांच्या वाट्याची गावकीची कामं घेतली त्या दिवशी डावी बाजू खालपर्यंत भरली. सरकारी सारा तालुक्याला पोचवणं. गावात अंमलदार आला की त्याच्या घोड्यापुढे धावणं, त्याच्या जनावरांची सरबराई. दवंडी. गावात कुणी मेलं की परगावी सांगावा नेणं, मग वाट कितीही लांब असो. मेलेली जनावरं ओढणं. दिवस-रात्र कधीही हाक आली तरी जायचं. उजवीकडे काय? सुगीला खळ्यावरचं धान्य, तेही देणाऱ्याच्या मर्जीने. दारोदार मागून आणलेली भाकरी. मेलेल्या जनावराचं मांस. वतनाच्या, म्हणजे या पिढीजात कामाबदल्यात मिळालेल्या, जमिनीचा तुकडा, भाऊबंदांत वाटून वाटून चिंधी झालेला. गटातले एक माजी तलाठी फळ्याकडे बघत म्हणाले, "ही तर सरकारी नोकरी झाली. फक्त पगार सरकार देत नव्हतं." इथे मी बाबासाहेबांचं 1928 सालचं वतनविषयक विधेयक काढते. मुंबईच्या कायदेमंडळात ते नेमकं याच हिशेबावर बोट ठेवत होते. कनिष्ठ गाववतनं कायद्याने गेली ती थेट 1958च्या कायद्यानंतर. पुस्तकातला प्रसंग आणि कायद्याचं साल अशी शेजारी ठेवली की 'जुन्या काळी असं असायचं' हे पांघरूण निघून येतं.

हीच पद्धत लक्ष्मण गायकवाडांच्या 'उचल्या'लाही (1987) लावा, फक्त डावीकडे आणखी एक प्रश्न वाढवा: गुन्हा कुणी ठरवला? इंग्रजांनी 1871 साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला आणि जमातीच्या जमाती जन्मापासून चोर ठरवल्या. 1952 साली तो रद्द झाला. भटके-विमुक्त 31 ऑगस्ट हा विमुक्त दिन पाळतात तो त्यासाठीच. कायदा गेला तरी पोलिसांची धाड आणि मार काही गेला नाही, हे पुस्तकात पानोपानी दिसतं. हे साल माहीत नसताना वाचलं तर 'उचल्या' ही चोरीच्या करामतींची गोष्ट वाटते. तसं हसत हसत वाचणारे मी पाहिलेत.

बायांची पुस्तकं 'नंतर बघू' म्हणून मागे ठेवू नका. आमचा शिरस्ता असा, की पुरुषाचं एक संपलं की त्याला जोडून बाईचं घ्यायचं. 'बलुतं'ला जोड बेबी कांबळेंच्या 'जिणं आमुचं'ची. फलटण आमच्यापासून फार लांब नाही, त्यामुळे या पुस्तकातली गावं आमच्या लोकांच्या पायाखालची आहेत. बेबीताई दुकानात बसून लिहायच्या आणि लिहिलेलं नवऱ्यापासून कित्येक वर्षं लपवून ठेवायच्या. आधी ते 'स्त्री' मासिकात आलं, मग 1986 साली पुस्तक झालं. गाव महारवाड्याला कसं वागवतं हे त्यात आहेच. पण महारवाड्याच्या आत सुनेला कसं वागवलं जातं, सासू आणि नवरा मिळून पोरीची काय दशा करतात, तेही त्यांनी तितक्याच कडक शब्दांत लिहिलंय. पुरुषांच्या आत्मकथनांत हा भाग शोधून बघा, हाताला फारसं लागत नाही. आमच्या फळ्यावर त्या दिवशी तिसरा रकाना काढावा लागला, 'घरात कुणी घेतलं' असा. उर्मिला पवारांचं 'आयदान' (2003) त्यानंतर घेतलं की शहर, नोकरी, चळवळ आणि चळवळीतले पुरुष असा पुढचा टप्पा मिळतो.

एक पथ्य मात्र कडक पाळा. गटात त्या समाजातलं कुणी असेल, आणि असायलाच हवं, तर त्याच्याकडे वळून 'तुमच्याकडे असंच होतं का हो?' असं विचारायचं नाही. तो ऐकायला आलाय, साक्ष द्यायला नाही. सांगावंसं वाटलं तर तो सांगेल. आमच्याकडे येणाऱ्या एका नर्सबाई बरेच महिने फक्त ऐकत होत्या. एकदा 'आयदान' चालू असताना त्यांनी पुस्तक हातात घेतलं आणि पुढची पानं स्वतः वाचली, स्वतःविषयी एक अक्षर न बोलता. मीही विचारलं नाही.

उलटा पाहुणाही येतो. "आता कुठे राहिलंय हे सगळं?" किंवा "आपलीच घाण चव्हाट्यावर कशाला?" दुसरा प्रश्न तुच्छतेने झटकू नका, तो जुना आहे. 'बलुतं' आलं तेव्हा खुद्द दलित वाचकांतूनही तो विचारला गेला होता. शिकून वर आलेल्या, मुलांपासून जात लपवावी लागणाऱ्या माणसाची त्यात एक खरी भीती आहे, आणि त्यावर एक शनिवार खर्च करायला हरकत नाही. पहिल्या प्रश्नाला मी त्या आठवड्यातलं वर्तमानपत्र पुढे सरकवते. मला फार शोधावं लागत नाही.

वेळ दीड तास, त्यातलं वाचन पाऊण तास. जास्त ताणलं तर बायकांना स्वयंपाकाची घाई होते आणि चर्चा पुरुषांच्या ताब्यात जाते.

राहता राहिली पुस्तकं मिळवायची गोष्ट. काहींच्या आवृत्त्या संपलेल्या असतात, दुकानदार 'येईल' म्हणतो आणि येत नाही. 6 डिसेंबरला चैत्यभूमीवर किंवा धम्मचक्र प्रवर्तन दिनाला दीक्षाभूमीवर कुणी जाणार असेल तर त्याच्याकडे यादी आणि पैसे द्या. तिथल्या पुस्तकांच्या स्टॉलवर जे मिळतं ते शहरातल्या चकचकीत दुकानांत दिसत नाही. राज्य सरकारने काढलेले बाबासाहेबांच्या लेखन-भाषणांचे खंडही तिथेच स्वस्तात बघायला मिळतात. प्रत एकच असली तरी अडत नाही, मोठ्याने वाचायचं असल्याने एकच लागते. आणि ग्रंथालयात मागणीची वही असते, ती वापरा. पुस्तकाचं नाव, लेखक, प्रकाशक नीट लिहा आणि खाली गटातल्या चार-पाच सभासदांनी सह्या करा. एकट्याची मागणी वहीतच राहते, पाच सह्यांची खरेदी समितीपुढे ठेवावी लागते. आमच्याकडे 'मरणकळा' आणि 'गबाळ' ही भटक्यांची आत्मकथनं अशीच आली.