झोहर अर्गोव्ह कसा ऐकावा

झोहर अर्गोव्ह हा इस्रायली गायक. सुरुवात त्याच्या 'हापेराख बेगानी' या गाण्यानंच करा. अविहू मदिना यांनी रचलेल्या या गाण्यानं १९८२ चा मिझराही (म्हणजे मध्यपूर्व आणि उत्तर आफ्रिकेतून आलेल्या ज्यूंच्या संगीताचा) गीतमहोत्सव जिंकला. पहिल्यांदा अर्थाच्या मागे लागू नका. हेडफोन लावा आणि ओळीच्या शेवटच्या अक्षराकडे कान द्या. तिथे अर्गोव्ह सूर सोडून देत नाही, बारीक मुरक्या घेत घोळवत राहतो. तेवढ्यासाठी मी गाणं पुन्हा मागे नेतो.

मग १९८० चं 'एलिनोर' ऐका. इस्रायली रेडिओनं मिझराही संगीताला फारसं जवळ केलं नव्हतं; तेल अवीवच्या जुन्या मध्यवर्ती बसस्थानकातल्या कॅसेटच्या दुकानांनी त्याला घरोघरी पोचवलं. रिशोन लेझियोनमधल्या येमेनी ज्यू कुटुंबातला हा मुलगा लोकांसाठी 'राजा' झाला.

चरित्र मात्र गाणी ऐकून झाल्यावर वाचा, आणि पूर्ण वाचा. बलात्काराच्या गुन्ह्यात भोगलेला तुरुंगवास, हेरॉइन, १९८७ मध्ये बत्तिसाव्या वर्षी कोठडीत आत्महत्या. आवाज गोड आहे म्हणून त्या गुन्ह्यावर पांघरूण घालू नये, असं मला ठामपणे वाटतं. व्यसनालाही प्रतिभेची किंमत वगैरे म्हणू नका.

त्यानंतर त्याचाच समकालीन गायक हाईम मोशे लावा. दोघांच्या मुरक्यांतला फरक लगेच कळेल.