टेस्ट हिरवी, स्क्रीन चुकीची: या चुका टाळा

रिॲक्ट (वेब स्क्रीन बनवायची जावास्क्रिप्ट लायब्ररी) नवीन शिकलेल्या पोरांच्या टेस्ट तपासताना मी आधी फायरइव्हेंट शोधतो, म्हणजे टेस्टमधून एखादा इव्हेंट थेट मारणारं फंक्शन. ‘सर, एका ओळीत काम होतंय की!’ हे उत्तर ठरलेलं. ती एक ओळच नडते.

पिंपळगावकडच्या एका द्राक्ष पॅकहाउससाठी आमच्या टीमने पेट्यांच्या वजनाचा फॉर्म केला होता. साधं टेक्स्ट इनपुट; प्रत्येक ऑनचेंजला (इनपुट बदललं की चालणारं फंक्शन) व्हॅल्यूचा नंबर करायचा आणि स्टेटमध्ये, म्हणजे स्क्रीनच्या साठवलेल्या माहितीत, टाकायचा. टेस्टमध्ये फायरइव्हेंटने ‘4.5’ एकदम दिलं, स्टेटमध्ये 4.5 आलं, सगळं हिरवं, म्हणजे पास. ऐन सीझनात सुपरवायझरचा फोन, ‘दादा, साडेचारच्या पेटीला पंचेचाळीस किलो पडतंय.’ पडणारच. माणूस एकेक बटण दाबतो. ‘4.’ झालं की त्याचा नंबर 4, रिॲक्ट इनपुटमध्ये पुन्हा ‘4’ लिहितो, टिंब गायब. मग 5 दाबला की 45. टेस्टमध्ये टिंब एकटं कधी आलंच नव्हतं! माणसासारखं एकेक बटण दाबणाऱ्या युजरइव्हेंट लायब्ररीचं टाइप लावलं आणि तीच टेस्ट लाल, म्हणजे नापास झाली. तेव्हापासून माझ्याकडे स्टेटमध्ये स्ट्रिंगच (टाइप केलेला मजकूर) राहते, तिचा नंबर फक्त सेव्ह करताना करतो.

फायरइव्हेंटचं चेंज डिसेबल्ड (बंद ठेवलेल्या) इनपुटचाही ऑनचेंज चालवतं, हे वेगळंच. स्क्रोलसारख्या इव्हेंटपुरता मी त्याला ठेवलाय.

दुसरी चूक, अवेट विसरणं. युजरइव्हेंटच्या 14 व्या आवृत्तीपासून क्लिक, टाइप सगळं प्रॉमिस देतं, म्हणजे काम नंतर पुरं होतं आणि अवेट लावून त्यासाठी थांबावं लागतं. अवेट नसेल तर स्टेट बदलायच्या आधीच तपासणी होते. ‘एरर दिसत नाही’ अशी टेस्ट मग पास होते, कारण तोवर काही घडलेलंच नसतं. हे कळलं की घाईवाले सेटटाइमआउट टाकून ठरावीक वेळ थांबतात. अशी टेस्ट लॅपटॉपवर चालते आणि सीआयवर (टेस्ट आपोआप चालवणाऱ्या सर्व्हरवर) मधूनच पडते, मग ‘रीरन मारा’. मला हा प्रकार मुळीच खपत नाही. स्क्रीनवरचा घटक शोधणारा फाइंडबाय वापरा, तो आपणहून 1000 मिलिसेकंदांपर्यंत वाट बघतो.

‘स्टेटचा बदल ॲक्टमध्ये गुंडाळलेला नाही’ अशी रिॲक्टची वॉर्निंग आली म्हणून ती छापणारं कन्सोल डॉट एरर मॉक करून (त्याजागी नकली फंक्शन लावून) गप्प करू नका. बहुतेक वेळा तुमची टेस्ट संपल्यावर स्टेट बदललेली असते.

फेक टायमर (टेस्टसाठीचं नकली घड्याळ) लावून टेस्ट लटकली? युजरइव्हेंटच्या सेटअपला ॲडव्हान्सटायमर्स द्या, म्हणजे ते घड्याळ पुढे सरकेल.

एन्झाइम या जुन्या टेस्ट लायब्ररीचे धडे बघून सिम्युलेट शिकू नका. शॅलो रेंडरमध्ये (आतले कंपोनंट न काढता फक्त वरचा काढणं) तिथे इव्हेंट होतच नाही, प्रॉपमधलं, म्हणजे कंपोनंटला बाहेरून दिलेलं, फंक्शन थेट चालवलं जातं. बटणावर डिसेबल्ड असलं तरी.