मसाला कुकीजचा आकार बिघडतोय? या चुका टाळा

साच्याने सुबक चांदणी कापावी आणि ओव्हनमधून पसरट, बिनकोपऱ्यांची चकती निघावी, ही कट-आउट कुकीजची नेहमीची तक्रार. दोष साच्याला किंवा बेकिंग पावडरला दिला जातो. पण नागपुरात तरी मी आधी बटरकडेच बोट दाखवेन.

बटर ३२ ते ३५ अंशांना पूर्ण वितळतं. फेटायला मात्र ते साधारण १८ ते २० अंशांवर हवं. पाककृतीतलं ‘रूम टेम्परेचर’ थंड हवेच्या घरांचं असतं. मे महिन्यात बाहेर पारा ४५ च्या आसपास असताना आपल्या ओट्यावर विसरलेलं बटर कामाचं राहत नाही. बोटाने दाबल्यावर खळगा पडेल, पण बटर चकाकणार नाही, इतपतच मऊ करा. साखरेबरोबर फार वेळ फेटूही नका. जास्त हवा भरली की कुकी ओव्हनमध्ये फुगते आणि मग पसरते.

२५० ग्रॅम मैद्याला १२५ ग्रॅम बटर, १०० ग्रॅम पिठीसाखर आणि एक अंडं (नसल्यास दोन-तीन चमचे दूध) हे प्रमाण आकार धरून ठेवतं. बटर खारं असेल तर वेगळं मीठ नको. जाड साखर वापरू नका, ती भाजताना विरघळते आणि कडा सैल करते. सोडाही नको.

गोळा तसाच फ्रिजमध्ये ठेवून नंतर दगडासारखा घट्ट झाल्यावर लाटायची धडपड कशाला? ताजा गोळाच दोन बटर पेपरांमध्ये ५-६ मिमी जाड लाटा आणि ती चपटी पोळी तासभर गार करा. वरून मैदा भुरभुरावा लागत नाही. कापताना साचा पिळू नका. आकार उचलण्यापेक्षा भोवतीची कात्रणं काढा, म्हणजे आकाराच्या टोकांची ओढाताण होत नाही. कापलेले आकार ट्रेसकट पुन्हा पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये जाऊ द्या. उन्हाळ्यात ही पायरी गाळली तर आधीची सगळी मेहनत वाया जाते. दुसरा घाणाही गरम ट्रेवर लावू नका, भाजणी सुरू व्हायच्या आत बटर वितळू लागतं.

मसाल्यात हात आवरता घ्यावा तो लवंगेला आणि जायफळाला. वरच्या प्रमाणाला दीड छोटा चमचा दालचिनी, एक छोटा चमचा सुंठ, पाव चमच्याहून कमी लवंगपूड आणि चिमूटभर जायफळ पुरे. इतवारी बाजारातून अख्खा मसाला आणून घरी कुटला आणि बारीक चाळला, तर डब्यातल्या जुन्या पुडीची गरजच नाही.

आपल्या संत्र्याचा स्वाद या मसाल्यांना फार शोभतो, पण रस घालू नका. रसातल्या पाण्याने पीठ चिकट होतं, मैद्याला चिवटपणा येतो. साल किसून घ्या, तीही फक्त वरची केशरी. पांढरा भाग कडू लागतो. नागपुरी संत्र्याची साल सैल असते, म्हणून फळ सोलण्याआधीच हलक्या हाताने किसा.

ओटीजी १७० अंशांवर नीट तापू द्या आणि १० ते १२ मिनिटं भाजा. लहान-मोठे आकार एका ट्रेमध्ये नकोत. दालचिनीमुळे पीठ आधीच तपकिरी असतं, त्यामुळे मधल्या रंगावर जाऊ नका, कडा पाहा. कडा किंचित गडद आणि मध्य अजून मऊ असतानाच बाहेर काढा. गार होताना कुकी कडक होते. कडक होईपर्यंत आतच ठेवली तर नंतर दाताला लागते.

गार करायला कूलरसमोर मात्र ठेवू नका. तिथली हवा दमट असते, खुसखुशीतपणा जातो. पूर्ण गार झाल्यावरच आयसिंग करा, ते वाळू द्या आणि मग कुकीज घट्ट झाकणाच्या डब्यात भरा. पावसाळ्यात बिनआयसिंगच्या कुकीज मऊ पडल्या तर १५० अंशांवर पाच मिनिटं पुन्हा ओव्हनमध्ये ठेवा, गार झाल्या की परत कुरकुरीत होतात.